मोतीशेटचा विमा आणि राही कासारणीचा पाय

राही कासारणीचा पाय मोडला होता, आणि मोतीशेट विमेवाले खुशाल सांगत होते, "पाय आमच्या कागदात बसत नाही!"

झालं होतं असं. राही बांगड्यांची पाटी घेऊन बाजाराला निघाली होती. वाटेत बाबाजी तेल्याच्या गाडीत बसली, आणि ओढ्याच्या उतारावर गाडीचं चाकच निखळलं! गाडीचा विमा मोतीशेटकडे होता. शेटनी नवं चाक दिलं, बैलाच्या खरचटलेल्या गुडघ्याला हळद-तूप लावलं, बाबाजीचं फुटलेलं कपाळसुद्धा बांधून दिलं. राहीला मात्र ठेंगा! ना हाडवैद्य, ना पाय बरा होईपर्यंतचं धान्य.

राहीची मुलगी ठकू तडक राजासमोर उभी राहिली.

"महाराज, बैलाच्या गुडघ्याला तूप, आणि माझ्या आईच्या पायाला नुसती फुंकर?"

राजाने विम्याचा कागद वाचायला लावला. त्यात लिहिलं होतं, 'गाडी चालायला जे जे लागतं, त्याला इजा झाल्यास मोतीशेट भरून देतील.'

"चाक लागतं, बैल लागतो, गाडीवान लागतो," शेट बोटं मोजत म्हणाले. "उतारू कशाला लागतो? फुकट बसतो आणि वर कुरकुरतो!"

राजाला ते पटलं, आणि राजा होता महाहट्टी. एकदा पटलं की पटलं!

"पोरी, तुझी आई गाडीचा भाग आहे, हे उद्या दुपारपर्यंत सिद्ध कर. नाही जमलं, तर वर्षभर राजवाड्यात फुकट बांगड्या भरायच्या!"

"आई म्हणजे चाक की जू, ते उद्याच सांगते महाराज!" ठकू म्हणाली.

बोलली ठसक्यात, पण घरी येईपर्यंत तो ठसका पार उतरला. वर्षभर फुकट बांगड्या भरल्या, तर मायलेकींनी खायचं काय? काचा? तिला रडूच आलं. डोळे पुसत ती आईच्या उशाशी बसली.

"आई, बाबाजीकाकांची गाडी तू थांबवलीस?"

"मी कशाला थांबवू? त्यांनीच हाक मारली. मागं पेंडीची पोती रचलेली, गाडी पुढून वर उचलली जात होती. म्हणाले, 'राहीवहिनी, जरा पुढं येऊन बसा हो, गाडी उलाळ होतेय!'"

ठकू टुणकन उठली. "आई, भाकरी वाढ! नको नको, तू पडून राहा, मीच घेते!"

दुसऱ्या दिवशी राजवाड्याच्या अंगणात बाबाजीची गाडी उभी राहिली. बैल जुंपलेले, मागं पेंडीची तेवढीच पोती. बाबाजी पुढं जू दाबून उभा.

"शेटजी," ठकू गोड आवाजात म्हणाली, "उतारू लागत नाही ना? मग चालवून दाखवा! बाबाजीकाका, तुम्ही व्हा बाजूला."

"हात्तिच्या! त्यात काय एवढं?" शेट म्हणाले.

शेटनी जन्मभर गाड्यांचे कागद लिहिले होते, पण गाडी हाकली नव्हती. गाडीत पुढून चढायचं असतं, हेही त्यांना ठाऊक नव्हतं. पोटाचा घेर सावरत स्वारी मागून चढली, आणि धाडकन गाडीचा मागचा भाग जमिनीला टेकला! जू गेलं वर. बैल माना ताणून हंबरायला लागले. शेट दोन पोत्यांच्या मधे कंबरेपर्यंत रुतले आणि त्यांचे पाय आभाळाकडे!

"मेलो, मेलो! अरे, पुढं बसवा कुणाला तरी!"

"काय बसवू, शेटजी?" ठकूनं विचारलं. "चाक बसवू?"

"चाक नको! माणूस बसव, माणूस! माणसाशिवाय ही गाडी चालायची नाही!"

"ऐकलंत, महाराज?" ठकू म्हणाली. "परवा तो माणूस माझी आई होती."

राजा पोट धरून हसायला लागला. हसता हसता त्याचा फेटा सुटला.

"मोतीशेट, हाडवैद्य आत्ता पाठव! धान्यही! आणि कागदात लिही, 'पुढं बसणारा उतारूसुद्धा!'"

"आणि मागं बसणारा, महाराज?" ठकूनं हळूच विचारलं.

पोत्यांमधून कण्हत आवाज आला, "लिहा, लिहा, तोही लिहा! माझी कंबर गेली हो!"

राजाला पुन्हा हसू फुटलं. त्यानं गळ्यातला कंठा काढून ठकूच्या हातात ठेवला, आणि अख्ख्या राणीवशाला राहीकडूनच बांगड्या भरायचा हुकूम दिला, रोख दाम मोजून! बाबाजीनं बैल सोडले. शेटना बाहेर ओढायला मात्र चार शिपाई लागले.