साळुंक्यांनी आणलेली हाक

पूर्वी वेत्रवती नदीच्या अलीकडच्या काठी, कुंभनगरात, उग्रदत्त राजाची सत्ता असताना बोधिसत्त्व साळुंकी म्हणून जन्माला आला. पलीकडच्या काठी सुमार्ग नगर होते. दोन्ही नगरांचे युद्ध कशावरून पेटले ते कुणालाच धड आठवत नव्हते. कुंभनगरात दवंडी मात्र रोज पिटली जाई, की सुमार्गच्या बायका यक्षिणी आहेत, पोटची पोरे खातात.

राजाचा अमात्य पिंगलक याने शत्रूकडच्या कैद्यांसमोर साळुंक्यांचे पिंजरे टांगले. एकेका कैद्याला, तसेच नंदक नावाच्या तरुणाला, चाबकाखाली एकच वाक्य म्हणायला लावले, “आई, आपल्या राजाने मला उपाशी मारलं.” बोधिसत्त्व ते शिकला, हुंदक्यासकट. मग सुमार्गची माणसे आपल्याच राजावर उलटावीत म्हणून सगळा थवा नदीपार सोडला.

सुमार्गात दिवेलागणीला छपराछपरावरून कैद झालेल्या मुलांचे आवाज येऊ लागले. त्या गावची रीत अशी, की परमुलखात मेलेल्यासाठी छपरावर भात ठेवायचा आणि पाखराने चोच लावेपर्यंत हाक मारायची. कितीतरी आया शिड्या चढल्या. नंदकची आई तारुकाही चढली.

“जेव रे बाळा, पान वाढलंय,” ती म्हणत राहिली. मग हळूच तिने विचारले, “खरंच गेलास का रे?”

पढवलेले वाक्य बोधिसत्त्वाच्या घशाशी आले. ते मोडले तर पिंगलक जिवंत ठेवणार नाही, हे तो जाणून होता. पण म्हातारीची त्याला फार दया आली.

“नंदक जिवंत आहे,” तो नंदकच्याच आवाजात म्हणाला. “ते वाक्य त्याच्याकडून चाबकाने वदवलं.”

थवा परतला. त्या संध्याकाळी कुंभनगरच्या छपरांवरून साळुंक्या परक्या आयांच्या आवाजात हाका मारू लागल्या, “जेव रे बाळा, पान वाढलंय.” लोक दारे लावून, कानांवर हात ठेवून बसले. यक्षिणींचे बोलणे अगदी त्यांच्या आयांसारखे होते.

“हे कुणाचं काम?” राजाने विचारले.

“माझं, महाराज. तिथं खरं ऐकलं, तेच आणलं,” बोधिसत्त्व म्हणाला.

“मुरगळा मान!” राजा ओरडला. पिंगलकाने ती मुरगळली.

दुसऱ्या संध्याकाळी सगळा थवा राजाच्या आवाजात ओरडू लागला, “मुरगळा मान!” घराघरात लोक एकमेकांकडे भिऊन पाहू लागले. राजाच्या आईने हातातला घास खाली ठेवला.

“उग्रा, हा तुझाच आवाज ना रे?”

त्यानंतर राजाला ना अन्न गोड लागे, ना झोप येई. अखेर त्याने कोठड्या उघडल्या. नंदक नदी पोहून गेला आणि दारात उभा राहून त्याने हाक मारली, “आई!”

पुन्हा साळुंकीच बोलली असे समजून तारुका भात घेऊन छपरावर चढली.

शेजारच्या विहाराविषयी कंड्या पिकवणाऱ्या भिक्खूंना ही कथा सांगून त्यांचे गुरू, शास्ते, म्हणाले, “तो राजा म्हणजे या कंड्या पिकवणारा हा रोहक. पिंगलक म्हणजे त्याचे ऐकून गावभर सांगणारा हा सुभूमी. तारुका ही दारापाशी बसलेली वृद्ध भिक्खुणी. साळुंकी मी होतो. जीव गेला तरी खोटे पोहोचवायचे नाही, ही सत्यपारमिता.”

रोहकाने मान वर केली नाही.