सुटलेला हात

एका गावात एक कॉलेज होतं. इमारत बेताची, ग्रंथालय त्याहून बेताचं, पण कबड्डीचं मैदान मात्र असं राखलेलं, की खुद्द प्राचार्य त्यावरून चपला काढून जात. त्या कॉलेजच्या संघाचा कर्णधार होता इंद्रजित. दिसायला देखणा, बोलायला गोड, आणि खेळात इतका सावध, की अख्ख्या हंगामात तो जेमतेम दोनदा बाद झाला होता. अंतिम सामना बघायला विद्यापीठाच्या संघाची निवड करणारी मंडळी येणार होती. इंद्रजितला त्या संघात जायचंच होतं. उठता-बसता त्याला दुसरं काही सुचत नव्हतं.

कबड्डीत बचाव करताना दोघं-दोघं हात धरून उभे राहतात. त्याला साखळी म्हणतात. इंद्रजितच्या साखळीत कोपऱ्यावर असे बिरू वाघमोडे. ठेंगणा, दणकट आणि बोलायला अगदीच कमी. समोरचा चढाईला आला की बिरूनं त्याच्या घोट्यावर झेप घ्यायची, आणि हात धरलेल्या इंद्रजितनं त्याच क्षणी मागोमाग अंग झोकून द्यायचं, असा नेम होता. पकड जमली, तर चढाई करणारा बाद. तो निसटून मध्यरेषेला पोचला, तर त्याला लागलेले सगळे बाद.

आता गंमत बघा. पहिल्याच सामन्यात घामानं इंद्रजितचा हात खरोखरच सुटला. बिरू एकटाच झेपावला, एकटाच फरपटत गेला आणि एकटाच बाद झाला. इंद्रजित मैदानात शाबूत. लोक म्हणाले, "कर्णधार कसला चिवट आहे!" इंद्रजितला ते कौतुक गोड लागलं. पुढच्या सामन्यात पकड जरा डळमळीत वाटली, आणि त्याचा हात पुन्हा सुटला. या वेळी घाम नव्हता. मग ती सवयच झाली. पकड पक्की दिसली की हा मागोमाग जायचा, शंका आली की बोटं सैल सोडायचा. पापणी लवायच्या आतलं काम. बघणाऱ्याला काही म्हणता काही कळत नसे.

बिरूला मात्र कळत होतं. हात त्याचाच होता ना! एकदा तो म्हणाला, "हात घट धर की जरा."

"अरं, घाम लई येतोय," इंद्रजित म्हणाला.

दुसऱ्या दिवसापासून बिरू खेळ सुरू व्हायच्या आधी स्वतःच्या आणि इंद्रजितच्या तळहाताला कोरडी माती चोळू लागला. इंद्रजितला मेल्याहून मेल्यासारखं झालं, पण शंका आली की त्याची बोटं सैल पडायची ती पडतच राहिली.

संघ पडत-झडत का होईना, अंतिम फेरीत पोचला. सामन्याच्या दिवशी सकाळी प्रशिक्षक लोखंडे सरांनी सगळ्यांना मैदानाच्या कडेला बसवलं. "बिरू, आज तू बाहेर बसायचं," ते म्हणाले. "हंगामात सगळ्यात जास्त वेळा तू बाद झालायस. तुझा उतावळेपणा नडतोय आपल्याला."

"व्हय सर," बिरू म्हणाला आणि गुडघ्याला बांधलेली पट्टी सोडायला लागला.

इंद्रजितनं मनात हिशेब मांडला. गप्प बसलं, तर जन्मात कुणाला काही कळणार नव्हतं. बोललं, तर कर्णधारपद जाणार, गोष्ट निवड करणाऱ्यांच्या कानावर जाणार, विद्यापीठाचा संघ हातचा जाणार. तिकडे बिरूच्या पट्टीची गाठ काही सुटेना. तो मान खाली घालून ती नखांनी उकलत होता. इंद्रजितला ते बघवेना. तो उठला.

"सर, चूक बिरूची न्हाई. मी हात सोडत हुतो. मुद्दाम."

सरांचा चेहरा लालबुंद झाला. "कितीदा?"

"मोजलं न्हाई, सर."

सर म्हणाले, "कर्णधार आज दुसरा कुणीतरी होईल. पण तू खेळणार, आणि बिरूचाच हात धरून खेळणार. बिरू, बांध ती पट्टी."

इंद्रजित बिरूजवळ गेला. "चुकलो रं. आज जीव गेला तरी हात सोडनार न्हाई."

बिरू हसला, आणि अगदी मनापासून हसला. "जाऊ दे की आता. चल, खेळू." त्याच्या मनात तसूभरही राग नव्हता, हे इंद्रजितला स्वच्छ दिसलं. त्याला इतकं हलकं वाटलं, की डोळे भरून आले.

सामना चुरशीचा झाला. प्रतिस्पर्धी सारखे दुसऱ्या बाजूनं चढाया करत होते, त्यामुळे या दोघांच्या वाट्याला एकही पकड आली नाही. शेवटची चढाई उरली, तेव्हा आपला संघ एका गुणानं पुढे होता. समोरून आला त्यांचा सगळ्यात उंच गडी. तो डावीकडे झुकला, उजवीकडे वळला आणि अचानक त्यानं बिरूच्या कोपऱ्यात पाय टाकला.

बिरू झेपावला. पण झेपावता झेपावता त्याची नजर क्षणभर मागे गेली, धरलेल्या हाताकडे. हात तिथंच होता, घट्ट. इंद्रजितनं जिवाच्या आकांतानं अंग झोकून त्या गड्याच्या कमरेला मिठी मारली. पण तेवढ्या क्षणात घोटा निसटला होता आणि बिरूच्या मुठीत नुसती पायाची बोटं आली होती. गड्यानं दोघांनाही ओढत नेलं आणि लांब हात करून मध्यरेषा गाठली. शिट्टी वाजली. दोघं बाद, दोन गुण गेले. आपला संघ एका गुणानं हरला.

दोघं मातीत पडून होते. इंद्रजित धापा टाकत म्हणाला, "म्या हात सोडला न्हाई, बिरू."

"ठावं हाय."

"मग मागं का बघितलंस?"

बिरूनं आपला तळहात डोळ्यांसमोर धरला. "मला ठावं हुतं तू सोडनार न्हाईस. पन माझ्या हाताला ठावं नव्हतं."

निवड करणाऱ्या मंडळींनी दोघांपैकी कुणाचंच नाव लिहून नेलं नाही. इंद्रजितला त्याचं वाईट वाटलं, पण ते चार दिवसांत विरलं. बिरूचं बोलणं मात्र पुढे कितीतरी दिवस त्याच्या मनाला लागून राहिलं.

तात्पर्य: चूक कबूल केली तर माफी त्याच दिवशी मिळू शकते, विश्वास मात्र जितक्या वेळा मोडला, त्याहून अधिक वेळा पाळून दाखवल्याशिवाय परत मिळत नाही.