प्रधानजींच्या झोळीतील नागरिक

कॅरिबियन नामक निळ्याशार समुद्रात, जेथे ऊस उत्तम पिकतो आणि वादळेही वेळच्या वेळी येतात, तेथे एक चिमुकले बेट होते. त्या बेटावर महाराज नकुलसेन मुंगूस हे राज्य करीत असत. राज्य लोकशाहीचे असल्यामुळे निवडणुका नियमित होत. महाराज त्यांत स्वतःच्याच विरुद्ध उभे राहात आणि अटीतटीच्या लढतीनंतर दोन्ही बाजूंनी विजयी होत.

बेटावर तुरुंग नव्हता, ही गोष्ट मी अभिमानपूर्वक नमूद करतो. तुरुंगामुळे परदेशात नाव खराब होते, म्हणून महाराजांनी तो पाडविला होता. परंतु प्रधान चंचूपंत हे पाणकोळी पक्षी असून त्यांच्या चोचीखाली निसर्गदत्त अशी कातडी झोळी होती. ज्यांस आत ठेवणे राष्ट्रहिताचे असे, त्यांस प्रधानजी त्या झोळीत ठेवीत. कैदी बाहेर पडेल या भयाने प्रधानजी कधीही तोंड उघडीत नसत. त्यांच्या या गंभीर स्वभावाची बेटावर फार वाखाणणी होई.

आमच्या हकिकतीच्या समयी झोळीत कर्कोजी नावाचे एक खेकडे गृहस्थ वास्तव्यास होते. ‘बेट सरळ पुढे!’ या घोषणेच्या संचलनात ते सर्वांसमक्ष आडवे चालले, हा त्यांचा अपराध होय. त्यांची पत्नी कर्काबाई प्रतिदिनी राजसभेत येऊन आपला नवरा मागत असे.

“माझा नवरा द्या महाराज. घराच्या बिळात पाणी शिरतंय, वाळू कोण काढणार?”

“बाई, आमच्या बेटावर एकही कैदी नाही,” महाराज सौजन्याने म्हणत.

“मी आहे की!” झोळीतून आवाज येई.

“ते प्रधानजींचे वैयक्तिक मत आहे. शासन त्याशी सहमत नाही.”

“कर्के, पोरं जेवली का गं?”

“प्रधानजी प्रजेची किती काळजी वाहतात, पाहा!” असे म्हणून महाराज सभा बरखास्त करीत.

अशात उत्तरेकडील बर्फाळ देशातून धनाढ्य हंसांचे एक शिष्टमंडळ उतरले. खेकड्यांच्या किनाऱ्यावर हंसांसाठी विश्रांतिधाम बांधावे, असा त्यांचा मानस होता. किनारा फुकट मिळावा, कर माफ असावा, कामगारांनी कुरकुर करू नये, या अटी महाराजांनी ऐकून घेण्यापूर्वीच मान्य केल्या. मग हंसप्रमुखांनी मान लांब करून शेवटची अट सांगितली.

“आमच्या देशातले भागधारक मनाने फार हळवे आहेत. इथे सर्वांना हक्क आहेत असं तुमच्या प्रधानांनी मोठ्यानं म्हटल्याशिवाय त्यांना नफा पचत नाही.”

प्रधानजी घामाघूम झाले.

“हम्म हम्म, हम्म हम्म हम्म,” प्रधानजी मिटल्या चोचीने म्हणाले.

“वा! किती ओघवती भाषा!” महाराजांनी टाळ्या वाजविल्या.

“क्षमा करा,” हंसप्रमुख म्हणाले, “बंद तोंडाने केलेली घोषणा आमच्याकडे ग्राह्य धरत नाहीत. चोच उघडावी लागेल.”

तेव्हा महाराज प्रधानजींच्या कानाशी वाकून कुजबुजले, “गिळून टाका. एक खेकडा तो काय! आणि मग बोला.”

कर्काबाई दाराशीच उभी होती. तिने ते ऐकले आणि आठही पायांनी ती आत धावली.

“अहो! ऐकताय ना? गिळतायत तुम्हाला! दोन नांग्या दिल्यात देवानं, त्या काय आरतीला? लावा की!”

“कुठं लावू?” आतून प्रश्न आला.

“हाताला लागेल तिथं!”

पुढील क्षणी प्रधानजींच्या तोंडून “आई गं!” असे उद्गार निघाले. ते त्यांच्या कारकीर्दीतील पहिलेच जाहीर वक्तव्य होय. त्यासरशी कर्कोजी उसळून बाहेर आले आणि थेट हंसप्रमुखांच्या पुढ्यात आदळले.

महाराज मात्र खरे मुत्सद्दी होते. “पाहिलेत?” ते गरजले. “इतर देशांचे प्रधान नुसती भाषणे करतात. आमच्या प्रधानांनी तोंड उघडले आणि साक्षात एक नागरिक मुक्त झाला!”

“अद्भुत!” हंस पंख फडफडवून ओरडले. हंसप्रमुखांनी कर्कोजींकडे वळून आस्थेने विचारले, “आपला छळ वगैरे झाला का?”

“आत ओल फार. अंधार. हलायला जागा नाही. अधूनमधून चोचीच्या फटीतून मासे यायचे अंगावर.”

“भोजनाची व्यवस्था होती,” हंसप्रमुखांनी सचिवास टिपून घ्यावयास सांगितले.

कर्काबाईने नवऱ्याला कवटाळले. करार तेथल्या तेथे झाला. सही करता करता हंसप्रमुख म्हणाले, “हा सोहळा आमच्या भागधारकांनी पाहिलाच पाहिजे. दरवर्षी करा. खेकडाही हाच ठेवा, फार सुरेख बाहेर येतो.”

महाराजांनी तेही ऐकून घेण्यापूर्वीच मान्य केले.

संध्याकाळी प्रधानजी चोच उघडून कर्काबाईच्या बिळापाशी आले. सोबत महाराज होते.

“अहो, आत्ता दुपारी सुटलेत ते!” कर्काबाई किंचाळली.

“म्हणूनच तर. सुटण्याचा अनुभव बेटावर दुसऱ्या कुणाला आहे?”

“काल तर म्हणत होतात, आत कुणी नसतंच!”

“काल नव्हते, बाई. आता करारात आहेत,” महाराज समजुतीच्या स्वरात म्हणाले. “पूर्वी तुम्हाला नवरा आत आहे हेही कुणी सांगत नसे. आता सुटकेचा मुहूर्त ठरलेला आहे, बसायला पहिल्या रांगेत खुर्ची आहे. आणखी किती हक्क हवेत?”

तेव्हापासून त्या बेटावर हक्क आहेत किंवा कसे, याविषयी परदेशात कुणालाही शंका उरलेली नाही. कारण दरवर्षी पाहुणे आले म्हणजे ते सर्वांसमक्ष बाहेर काढून दाखविले जातात, आणि पाहुणे गेले म्हणजे काळजीपूर्वक पुन्हा आत ठेवले जातात.