पहिला तास कोणी घेतला?

शलाका बोडखेला संख्याशास्त्र सोडून वनस्पतिशास्त्राला जायचं होतं. तिकडे जागा रिकामी होती, तरी विद्यापीठाने अर्ज फेटाळला आणि प्रकरण कोर्टात गेलं. पोरीचं वर्ष वाया जातंय की काय, म्हणून आई मागच्या बाकावर जीव मुठीत धरून बसली होती.

कुलसचिव ऐटीत उठले. "साहेब, पहिला तास झाल्यापासून तीस दिवसांत विषय बदलता येतो. या बाईसाहेब तीन महिन्यांनी जाग्या झाल्या! नियम म्हणजे नियम."

"बरोबर आहे, सर," शलाका म्हणाली. "फक्त संख्याशास्त्राचा पहिला तास कोणत्या सरांनी घेतला, तेवढं नाव सांगा."

कुलसचिवांनी फाईल चाळली, कारकुनाकडे पाहिलं, घाम पुसला. "ती प्राध्यापकाची जागा... अजून भरायची आहे."

"म्हणूनच तर विषय बदलतेय! तीन महिने आम्ही कोऱ्या फळ्याकडे बघतोय. तासच झाला नाही, तर माझे तीस दिवस सुरू कधी झाले?"

हसू लपवायला आईने पदर तोंडाला लावला. कुलसचिव चाचरले, "साहेब, उत्तराला थोडी मुदत मिळावी."

न्यायाधीश हसले. "मुदत तिची शिल्लक आहे. तुमची संपली. आजच प्रवेश द्या."