न मागणारीचं टाकं

समोरच्या कड्यात लेण्यांची ओळ दिसते ना, त्यातलं अगदी उजवीकडचं, बुटक्या दाराचं लेणं भिक्खुणींचं. त्याच्या पायाशी पाण्याचं टाकं आहे. वैशाखातही ते आटत नाही, पाणी गार आणि गोड. पण भर दुपारी आमच्या शिरवंड्याची एकही बाई तिथे घागर बुडवणार नाही. का, ते सांगतो. जरा सावलीला बसा.

फार जुनी गोष्ट. तेव्हा घाटातून बैलांचे तांडे बंदराकडे जात, आणि सकाळी भिक्खुणी गावात भिक्षेला उतरत. त्यांचा नेम कडक होता म्हणे. दारात खाली मान घालून गप्प उभं राहायचं. मागायचं नाही, आणि एकही घर वगळायचं नाही. सूर्य डोक्यावरून कलला की दुसऱ्या दिवसापर्यंत अन्नाला शिवायचं नाही. लोकही हौसेनं देत. कोणी भात वाढी, कोणी अंगावर घ्यायला चीवर देई, कोणी लेण्यात खांब कोरून देई. दिल्यानं आपलंच पुण्य वाढतं, असं ते मानत.

गावात नागसिरी नावाची विधवा होती, तांड्यांना धान्य विकणारी. तिची एकुलती एक लेक सामा ठरलेलं लग्न मोडून भिक्खुणी झाली. मग ती पात्र घेऊन आईच्याही दारात येऊ लागली, आणि इतरांच्या दारात राही तशीच गप्प उभी राही. नागसिरीला तेच झोंबलं.

"वाढ की गं, त्यांचा नेमच तसा," शेजारीण म्हणायची.

"नेम जगाला. मी आई आहे तिची. एकदा 'आई, वाढ' म्हणू दे, सगळा हंडा रिता करते."

सामा थोडं थांबे आणि पुढच्या दारी जाई. तिथे वाढणारे होते, म्हणून निभत होतं.

मग पाऊस रुसला. गाव कोकणात उतरलं, भिक्खुणीही दुसऱ्या विहाराकडे निघाल्या. एका म्हाताऱ्या थेरीला, म्हणजे त्यांच्यातल्या वडीलधाऱ्या भिक्खुणीला, चालवत नव्हतं, तिच्यासाठी सामा मागे राहिली. चूल पेटत होती ती एकट्या नागसिरीची, कारण तिची कणगी भरलेली होती.

सामा रोज येई. आता पुढचं दार उरलं नव्हतं. सूर्य कलेपर्यंत ती उभी राही आणि रित्या पात्रानं डोंगर चढे. एखादा तांडा जाताना मूठभर देई, ते ती थेरीला भरवी. दाराआड नागसिरी वरीचा भात हातात घेऊन उभी असे. आज नाही तर उद्या भूक तिला बोलती करील, असं तिला वाटे. काय म्हणावं या हट्टाला! मला आजही तिचा राग येतो, आणि कीवही येते.

एक दिवस सामा आली नाही. नागसिरी भाताचं मडकं घेऊन धावत डोंगर चढली. थेरी भिंतीला टेकून एकटीच बसली होती. शेजारी सामाचं पात्र पालथं घातलेलं.

"गेली, माये," थेरी म्हणाली. "मी म्हटलं होतं तिला, माग एकदा, आईच तर आहे. तर म्हणाली, मी मागून घेतलं तर तिचं दान उणं होईल. ती आपणहून देईल तोवर मी उभी राहीन."

नागसिरीनं ते मडकं थेरीपुढे ठेवलं, आणि थेरी असेपर्यंत तिला आपल्या हातानं जेवू घातलं. मग कणगी, घर, अंगावरचं सोनं, सगळं देऊन हे टाकं खोदवलं. त्याच्या माथ्यावर अक्षरं आहेत: 'भिक्खुणी सामाच्या आईचं दान'. स्वतःचं नाव तिनं कोरू दिलं नाही, असं सांगतात.

आजही शिरवंड्यात दुपार टळेपर्यंत कोणी दार लावत नाही. दारात माणूस उभं राहिलं तर काय पाहिजे म्हणून विचारत नाहीत, आधी हातावर काहीतरी ठेवतात. मघाशी माझ्या सुनेनं तुमचं नावगाव न विचारता भाकरी आणली, ती त्यामुळेच. मूल रडल्याशिवाय आईही पाजत नाही, ही म्हण तर आमच्या गावात कोणी तोंडातून काढत नाही.

आणि आजही भर दुपारी टाक्यापाशी म्हाताऱ्या नागसिरीचा आवाज येतो. मी स्वतः ऐकला आहे. "घे गं सामा, घे." एवढंच म्हणतो आणि वाट पाहिल्यासारखा थांबतो. उत्तर मात्र आजवर कोणी ऐकलेलं नाही.