रिव्हर्सला मरणारी मोटार

‘...मग रिव्हर्स का नाही टाकला, मी म्हणते? मोटार तर धडधाकट होती. फकीरबाबांनी आपल्या डोळ्यांनी पाहिलं म्हणे. यानंच...’

पारूचं वाक्य तिथंच राहिलं. बर्फाच्या लाद्यांपलीकडे रोहिदास उभा होता.

जेटीवरच्या बायकांनी टोपल्यांत डोकी घातली. कुणाला तरी नेमकी तेव्हाच कोळंबी निवडायची आठवण झाली.

बर्फ न घेताच तो वळला.

अर्धं वाक्य मेलं माशाच्या काट्यासारखं असतं. गिळवत नाही आणि ओकवतही नाही.

रोहिदास म्हणजे खाडीकाठचा मोटारींचा उस्ताद. होडीच्या मागे लावायची आउटबोर्ड मोटार, कुणाचीही बिघडो, आधी त्याच्या पडवीत यायची. तो नुसता आवाज ऐकायचा आणि म्हणायचा, ‘प्लग काळा पडलाय.’ काढून बघावं तर प्लग काळाच. त्याला त्याचा ताठाही होता, नव्हता असं नाही. ‘मोटार खोटं बोलत नाही, माणसं बोलतात,’ हे त्याचं ठरलेलं वाक्य.

आणि त्याच्याच होडीवरून त्याचा धाकटा भाऊ हरेश पाण्यात गेला.

शिमग्याच्या आधीची गोष्ट. दोघे भाऊ जाळी घेऊन घराकडे येत होते. पिराच्या खडकाजवळ खाडी अरुंद होते. दोन्ही अंगांना जाळी बांधायचे खुंट रोवलेले, होडी वळवायला तिथं जागाच नाही. हरेश मागे उभा राहून जाळं आवरत होता. पाय गुंतला, आणि जाळ्यासकट गेला.

रोहिदासनं मोटार रिव्हर्सला टाकली.

मोटार मेली.

त्यानं दोरी ओढली. ओढतच राहिला. मोटार घुसमटली होती, काही केल्या धरेना. शेवटी दोरी टाकून त्यानं उडी मारली, तोवर पाणी सपाट झालं होतं.

हरेश सापडला तो खाडीच्या तोंडाशी, जाळ्यातच.

त्या दिवसापासून रोहिदासनं दुसऱ्या कुणाची मोटार हातात घेतली नाही. आपलीच खोलायची, आपलीच जोडायची. आई ताट वाढायची. भात वाढायची, कालवण वाढायची, पण त्याच्या तोंडाकडे बघायची नाही. जेटीवरचं बोलणं तिच्याही कानावर गेलं होतं. भिंतीला भिंत लागून असली की असल्या गोष्टी कुणी सांगाव्या लागत नाहीत. त्या घरात आता पातेल्यांचाच काय तो आवाज यायचा.

रोहिदासला मोटारीतला एक तुकडा हवा होता. झिजलेला, तुटलेला, कसलाही. तो आईच्या हातावर ठेवायचा होता. बघ, यानं मारला तुझ्या पोराला, मी नाही.

पण असा तुकडा काही सापडत नव्हता.

जेटीवरून तो तडक पिराच्या खडकावर गेला.

फकीरबाबा दर्ग्याच्या पायरीवर बसले होते. तरुणपणी ते शिडाच्या गलबतावर खलाशी होते. आता दिवाबत्ती करायची आणि खाडीचा आवाज ऐकायचा, एवढाच उद्योग.

‘काय पाहिलंत बाबा त्या दिवशी?’

‘कोण, रोहिदास? बस.’

‘बसायला नाही आलो.’

‘मग उभा राहा. जागा तेवढीच लागते.’

रोहिदास उभाच राहिला.

‘गाव म्हणतं, तुम्ही डोळ्यांनी पाहिलंत.’

बाबांनी मान वर केली. दोन्ही डोळ्यांत मोतीबिंदू, शिंपल्याच्या आतल्या बाजूसारखा पांढुरका.

‘या डोळ्यांनी? मला हा खडक दिसतो तोसुद्धा पायाला लागल्यावर.’

‘मग सांगितलंत तरी काय लोकांना?’

‘ऐकलं ते. मोटार धड वाजत होती. मग एक उचकी दिली आणि गप्प झाली.’

‘एवढंच?’

‘एवढंच. बाकीचं लोकांनी आपापल्या घरून आणलं.’

रोहिदास खाली बसला. बसताना गुडघे वाजले. एवढ्यात म्हाताराच झाला होता मेला.

‘मोटारीत दोष आहे बाबा. मला सापडत नाही.’

‘तुला सापडत नाही म्हणजे मोठाच असणार, उस्ताद.’

‘थट्टा नका करू. केबल बदलली. गिअर पुरता खोलून पुन्हा बसवला. पाण्यातला पंखा नवा घातला. रिव्हर्सला मोटार पाण्यातून वर उचलली जाऊ नये म्हणून एक खटका असतो, तोही बघितला. परसात पिंपात बुडवून चालू केली, की दर वेळी रिव्हर्स घेते. तक्रार नाही. आणि इथं तुमच्या खडकाशी, या खुंटांत आणली, की मरते. रोज आणतो. रोज मरते.’

‘रोज आणतोस, ते ऐकतो मी.’

‘मग सांगा ना, काय असेल?’

‘मला मोटारीतलं काही कळत नाही.’

‘मग विचारू कुणाला?’

बाबांनी पाण्याकडे कान लावला. खाली पाणी चढत होतं, खुंटांवर चुळूक चुळूक वाजत होतं.

‘पाणी उभं राहिलं की होडी घेऊन ये,’ ते म्हणाले. ‘मला पलीकडे जायचंय.’

भरती पुरती चढते आणि ओहोटी लागायला अजून अवकाश असतो, तेव्हा खाडी घटकाभर हलत नाही. त्याला आमच्याकडे पाणी उभं राहणं म्हणतात. रोहिदास तेव्हा होडी घेऊन आला. आभाळ राखेच्या रंगाचं झालं होतं. वारा नव्हता.

बाबा चाचपत चढले आणि मागे, मोटारीच्या बाजूला, जाळं ठेवायच्या जागी बसले. हरेश उभा असायचा तिथंच. रोहिदासला ते आवडलं नाही.

‘पुढे बसा बाबा.’

‘इथं बरं आहे.’

‘हळू नेऊ?’

‘नेहमी नेतोस तशी ने.’

होडी सुटली. खुंट जवळ आले, दोन्ही बाजूंनी मागे पळू लागले. रोहिदास समोर बघत होता. त्या जागी आला की तो समोरच बघायचा.

होडी एकदम हलकी झाली.

त्यानं वळून पाहिलं. बाबांची जागा रिकामी.

‘बाबा...’

हात आपसूक गेला. रिव्हर्स.

मोटारीनं एक उचकी दिली आणि मेली.

त्यानं दोरी ओढली. पुन्हा ओढली. अंगाला घाम सुटला. डोळ्यांपुढे हरेशची लाल बनियन. तो ओढत राहिला, ओढत राहिला...

‘उस्ताद.’

आवाज मागून आला. शांत होता.

‘मी खुंटाला धरून आहे. वल्हं आहे ना होडीत?’

वल्हं त्याच्या पायाशीच होतं.

त्या दिवशीही तिथंच होतं.

रोहिदास वल्हवत मागे गेला. बाबांना बगलेत धरून त्यानं वर ओढलं. म्हातारा कुडकुडत होता, अंगाला शेवाळ लागलं होतं.

‘वेड लागलंय तुम्हाला? आंधळं माणूस, पाण्यात उडी मारता? काही झालं असतं म्हणजे?’

‘म्हणजे तू आणखी दहा वर्षं मोटार खोलत बसला असतास.’

रोहिदासनं आपला सदरा काढून त्यांच्या अंगावर टाकला. आणि मग त्याच्या आवाजात एक विचित्र हुरूप आला. आनंद म्हणवणार नाही, पण त्याच्या जवळचं काहीतरी.

‘पण ऐकलंत ना? मेली ना? आता तुम्हीच साक्षीदार. दोष आहे मोटारीत.’

बाबा डोकं चाचपत होते.

‘माझी टोपी गेली.’

‘टोपीचं काय घेऊन बसलात?’

‘चांगली होती रे.’

‘नवीन देतो.’

‘तीच हवी.’

‘म्हाताऱ्या माणसांचा नाद नको,’ रोहिदास पुटपुटला. त्यानं जरा दम खाऊन, गिअर मधे घेऊन दोरी ओढली. मोटार चालू झाली. होडी पुढे घेत तो दोन्ही बाजूंचं पाणी न्याहाळू लागला. ‘इथं नाही. तिथंही नाही. अहो, ती बघा, मागे राहिली. त्या वाकड्या खुंटापाशी. आधी सांगायचं होतं ना.’

‘मला कुठे दिसते?’

‘हो, तेही खरंच.’

त्यानं मुठीतला गॅस सोडला. गिअर मधे आणला. होडी आपल्या जोरावर थोडी पुढे गेली, मंदावली, थांबली. तेवढ्यात त्यानं कपाळावरचा घाम पुसला, मानेवरचाही पुसला. मग गिअर मागे टाकला.

मोटारीनं रिव्हर्स घेतला.

होडी बुडबुडे काढत सरळ मागे गेली. टोपी जवळ आल्यावर पंख्यात सापडू नये म्हणून त्यानं पुन्हा गिअर मधे आणला, वाकून टोपी उचलली आणि पिळली.

‘घ्या तुमची...’

हात तसाच राहिला.

टोपीतून पाणी ठिबकत होतं.

तीच मोटार. तेच खुंट, तेच पाणी. नवीन मोटार घेतलेल्या प्रत्येक पोराला तो स्वतः तर शिकवायचा. आधी गॅस सोड, रे. होडीची धाव मरू दे. धावत्या होडीखालचं पाणी पंख्याला पुढेच फिरवत असतं. त्यातच रिव्हर्स कोंबलास, तर मोटार गुदमरणार नाही तर काय होईल? किती पोरांना सांगितलं असेल.

‘टोपीसाठी रिव्हर्स घेतला,’ रोहिदास म्हणाला.

बाबांनी अंगावरचा सदरा आवळून घेतला.

‘बाबा... टोपीसाठी घेतला.’

‘ऐकलं मी.’

मोटार तशीच फटफटत होती. त्यानं ती बंद केली. खाडीवर असं सुनसान झालं, की पलीकडच्या काठावर कुणी भांडी घासत होतं, ते ऐकू आलं.

उभं पाणी मोडलं. ओहोटी लागली आणि होडी आपली आपण समुद्राकडे सरकायला लागली. रोहिदासनं खुंटाला हात घालून ती धरली. दुसऱ्या हातात टोपी होतीच.

‘म्हणजे गाव म्हणतं ते खरं. मोटार धडधाकट होती.’

‘होती.’

‘आणि मी रिव्हर्स...’

‘टाकलास. मरताना ती उचकी देते. त्या दिवशी दिली, आजही दिली. दोन्ही सारख्याच.’

रोहिदासनं तोंड फिरवलं. खांदे हलत होते. बाबांना ते दिसणं शक्यच नव्हतं, तरी ते दुसरीकडे बघत राहिले.

‘गावाला सांगाल हे?’

‘सांगेन.’

‘ऐकतील?’

‘अर्धं ऐकतील.’

‘आणि आई? काहीतरी तुटलेलं तिच्या हातावर ठेवीन म्हणत होतो. आता काय ठेवू? सगळं तर धड आहे.’

बाबांनी हात पुढे केला. रोहिदासनं टोपी दिली. बाबांनी ती तशीच ओली डोक्यावर घातली. पाण्याचे ओघळ कपाळावरून खाली आले.

‘घाई झाली, म्हणून सांग.’

‘एवढंच?’

‘कसली घाई, ते तिला विचारावं लागणार नाही.’

रोहिदास खुंटाला धरून बसला होता. ओहोटी होडीला ओढत होती, हाताला रग लागली होती. तरी त्यानं सोडलं नाही.

‘आणि तरीही तिनं माझ्या तोंडाकडे नाही बघितलं... तर?’

बाबांनी आवाजाच्या रोखानं आपले पांढरे डोळे वळवले.

‘तर तू तिच्या बघ.’