मोगरीचा डागशोर

शाळेच्या डायरीत बाईंनी लाल पेनाने लिहिलं होतं, ‘जुई हजेरीला उत्तर देत नाही. नाव घेतलं की खाली बघते. घरी सराव घ्यावा.’ ऋजुताने सराव घेतला. ती घरातल्या घरात बाई झाली, टेबलावर पट्टी आपटली, जुईचं पूर्ण नाव घेऊन हाक मारली, आणि पाच वर्षांची जुई समोर बसून नुसती गालात हसली. घरी आईबापाशी बडबड करणारी ही मुलगी चार माणसांत तोंडाला कुलूप लावायची. कान ठीक आहेत, जीभ ठीक आहे, बोलेल की, असं डॉक्टर म्हणाले होते. ‘बोलेल’ म्हणजे कधी, हे विचारायचं राहून गेलं आणि त्यावर आदली सबंध रात्र ऋजुता जागी होती. तिवरंडीला ती होड्या बांधणाऱ्यांचे जुने शब्द टिपायला आली होती, एका कोशासाठी. परक्यांच्या तोंडचे शब्द गोळा करत गावोगाव हिंडायचं आणि आपल्या मुलीच्या तोंडून एक ‘हजर’ निघू नये, यावर तिला हसू यायला हवं होतं. आलं नाही.

तिवरंडीच्या खाडीला जिथं होड्या बांधतात, तिथल्या उतरणीच्या टोकाला चिखलात एक लाकडी टेकू तिरका रोवलेला आहे. माणसाएवढा उंच, मांडीएवढा जाड, तेलाने काळा पडलेला. त्याचं वरचं टोक कशालाच टेकलेलं नाही. हवेला टेकू द्यावा तसा तो उभा आहे. गावात त्याला मोगरीचा डागशोर म्हणतात. नवी नौका पाण्यात जायच्या दिवशी बायका त्याला माशाचं तेल चोळतात आणि मगच बाकीच्या कामाला हात लावतात.

त्या दिवशी नौका जायची होती. साडेअकराला भरतीचा माथा होता. कुंपणाच्या आत येणाऱ्या प्रत्येकाचं नाव नलूताई कोयंडे वहीत लिहून घेत होत्या, मग तो खलाशी असो, बर्फवाला असो, की नुसता बघायला आलेला पाहुणा. त्यांनी वाकून जुईला विचारलं, “काय गो बाय, नाव काय तुजा?”

“जुई,” ऋजुता म्हणाली. “जुई पाटणकर. जरा लाजते ती.”

“मिया तुका नाय इचारलंय,” नलूताई म्हणाल्या. “चेडवाक इचारलंय.”

चेडू म्हणजे मुलगी, ते मुलीने ऐकलं आणि आईच्या ओढणीत तोंड खुपसलं. नलूताईंनी नाव लिहिलं, पण त्यापुढे एक टिंब दिलं. ऋजुताला ते टिंब शाळेच्या लाल पेनासारखंच लागलं.

भिकूआबा मेस्त्री एका सोललेल्या ओंडक्यावर बसले होते. वय ऐंशीच्या पुढे, हाताची दोन बोटं तासणीने खाल्लेली. ऋजुता शेजारी बसली, जुई तिला चिकटून. समोर नौका तिच्या टेकूंवर उभी होती, आणि पोटाखाली लाकडाच्या ढलप्यांचा आणि भुशाचा पांढरा ढीग पसरला होता.

डागशोर हा शब्द इंग्रजी आहे, एवढं ऋजुता घरून पाहून आली होती. जहाज उतरणीवर बांधून झालं की बाकीचे सगळे टेकू काढतात आणि दोन बाजूंना दोनच ठेवतात. ते पाडले की जहाज आपल्याच वजनाने पाण्यात जातं. त्या शेवटच्या टेकूचं हे नाव. जाड इंग्रजी कोशात त्याच्यापुढे ‘आता वापरात नाही’ अशी खूण होती. ज्यांचा शब्द त्यांनीच तो टाकून दिला होता, पण तिवरंडीत तो रोजच्या बोलण्यात होता, आणि टेकूपुरता राहिला नव्हता. कुणाच्या घरचं कर्तं माणूस गेलं की इथं म्हणतात, ‘घराचो डागशोर सुटलो.’ आणि एखादा आजारी इस्पितळात पडून आहे, डॉक्टर काही सांगत नाहीत, घरचे दाराशी उभे आहेत, अशा वेळी त्याला म्हणतात, ‘अजून डागशोरात आसा.’ पहिले दोन अर्थ तिने वहीत नीट लिहिले. तिसऱ्यापुढे प्रश्नचिन्ह टाकलं. तो अर्थ तिला कळला होता, पण एका ओळीत बसेना.

“तेची गोष्ट आसा,” भिकूआबा म्हणाले, आणि सांगू लागले.

असं सांगतात, की कंपनी सरकारच्या काळात या खाडीत एक साहेब आला. त्याचं नाव कुणाला आठवत नाही, तांबडी दाढी तेवढी आठवते. त्याला तीन डोलकाठ्यांचं जहाज बांधून हवं होतं. मलबारचं सागवान त्याने समुद्रातून आणवलं आणि काम धाको मेस्त्रीकडे दिलं. तोवर तिवरंडीत होड्या माणसांच्या हातांनी पाण्यात जायच्या. सगळं गाव दोराला लागे, ओंडक्यांवरून होडी ओढत नेई. कुणाचा पाय घसरला की सगळे थांबत. पण हे जहाज हातांनी हलणारं नव्हतं. मग साहेबाने त्याच्या देशाची रीत शिकवली. उतरणीला चरबी फासायची, जहाज दोन डागशोरांवर तोलून धरायचं आणि भरतीच्या ऐन माथ्यावर दोन्ही पाडायचे. एकदा सुटलं की ते कुणाचं ऐकत नाही. कुत्रं दातांत धरून ठेवतं तसा हा टेकू धरतो, म्हणून त्याच्या नावात कुत्रा आहे, असं त्याने समजावलं म्हणे. आणि हेही सांगितलं, की आमच्याकडे तो पाडायला फाशीचा कैदी देतात. वाचला तर सुटला.

तिवरंडीत फाशीचा कैदी नव्हता. डावीकडचा घण धाकोने घेतला, उजवीकडचा त्याच्या धाकट्या भावाने.

“उजवीकडे होतो तो आमच्या घराण्यातलो,” भिकूआबा मध्येच म्हणाले.

धाकोला एकच मुलगी होती, मोगरी. सहा वर्षांची. मुकी नव्हती, पण चारचौघांत बोलायची नाही. कुणी काही विचारलं की तिची आई, आवडी, उत्तर द्यायची. काय गो, जेवलीस? तर आई म्हणे, जेवली. भूक लागली? तर आई म्हणे, नाही लागली. गावाला त्याची सवय झाली होती. जहाज चौदा महिने उतरणीवर होतं आणि चौदा महिने मोगरी त्याच्या पोटाखाली वाढली. ऊन वर तापलं की आत सावली, आणि सावलीत भुशाचा ढीग. दुपारी ती त्यात गादीवर झोपावं तशी झोपायची.

“मऊ असतं?” जुईने आईच्या कानात विचारलं.

“असेल,” ऋजुता म्हणाली. ती ‘गादीवर झोपावं तशी’ लिहून घेत होती.

पौर्णिमेची भरती आली, असं सांगतात. पाणी माथ्यावर जेमतेम एक घटका टिकणार होतं. ती चुकली तर पंधरा दिवस थांबायचं. साहेबाचा नियम होता, की डागशोर पाडण्याआधी सगळ्यांची नावं घ्यायची आणि प्रत्येकाने ओ द्यायची. मुकादम नावं घेऊ लागला. ढोल वाजत होते. आवडी पुढे नारळाचं तबक घेऊन उभी होती. मागून कुणीतरी तिचा पदर धरल्यासारखं तिला वाटलं. तिने मागे पाहिलं नाही. मोगरी नेहमी तिथंच असायची. मुकादमाने मोगरीचं नाव घेतलं, आणि आवडी नेहमीसारखी म्हणाली, ‘आसा, आसा.’

दुसऱ्या कुठल्या गावात कुणी विचारलं असतं, की मुलगी स्वतः का बोलली नाही. इथं कुणालाच ते चुकल्यासारखं वाटलं नाही. बापालाही नाही.

पदर शेजारणीच्या लेकराने धरला होता.

आधी उजवीकडचा घण पडला. टेकू उडाला, जहाज करकरलं, आणि त्या करकरण्याने भुशात झोपलेली मोगरी जागी झाली. तिने हाक मारली. गावाने तिचा आवाज पहिल्यांदा ऐकला तो तेव्हा, म्हणे, आणि ढोलांमुळे सगळ्यांना तोही ऐकू आला नाही. धाकोला आला. त्याचा घण वर गेला होता तो त्याने फेकून दिला. पण एकटा डागशोर एवढा भार कसा धरणार? तो मधोमध चिरत चालला. तेव्हा धाकोने त्याच्या शेजारी चिखलात पाय रोवले आणि जहाजाला पाठ लावली. नऊ श्वास धरलं, असं सांगतात. माणूस धरू शकत नाही, पण नऊ श्वास धरलं. तेवढ्यात आवडी आत शिरली.

मग जहाज गेलं.

ऋजुताने वहीतून डोकं वर न काढताच विचारलं, “मुलगी वाचली?”

म्हाताऱ्याने ओंडक्यावरच्या रिकाम्या जागेकडे पाहिलं.

“पोरां बसलेली असली काय मी ‘चेडू वाचला’ म्हणान सांगतंय,” ते म्हणाले. “तुजा चेडू आता हयसर नाय, म्हणान तुका खरा सांगतंय.”

ओढणी मागून ताणलेली होती, म्हणजे जुई पाठीमागे जाऊन उभी आहे, असं ऋजुताने धरलं आणि ती लिहीत राहिली. आवडी एकटीच बाहेर आली, एवढं पुढच्या गोष्टीवरून कळतच होतं.

जहाज सरळ तरंगलं, थेंबभर पाणी आत आलं नाही. पुढे चाळीस वर्षं चाललं म्हणे, कधी बुडालं नाही. साहेबाने धाकोच्या घरी रेशमी कापड पाठवलं, ते आवडीने खाडीत सोडलं. चिरलेला डागशोर तिने, धाको जिथं उभा राहिला होता तिथंच, स्वतःच्या हातांनी रोवला. त्या दिवसापासून वर्षभर ती कुणाशी बोलली नाही. पुढच्या साली दुसरी नौका जायची वेळ आली तेव्हा ती उतरणीवर आडवी उभी राहिली आणि एकेकाचं नाव घेऊ लागली. आई लेकरासाठी बोलली, तर ती तेच नाव पुन्हा घेई, पुन्हा घेई, लेकरू स्वतः बोलेपर्यंत. जो जितो आसा तो आपल्या तोंडान सांगतलो, एवढंच म्हणाली. त्या दिवशी तान्ह्यांनासुद्धा चिमटे काढून रडवलं, असं सांगतात. सगळ्यांची नावं झाल्यावर तिने शेवटी मोगरीचं नाव घेतलं, आणि नऊ श्वास थांबली. मग बाजूला झाली.

लाकूड खाऱ्या चिखलात किती टिकणार? दर काही वर्षांनी नवं रोवतात, पण तो तोच आहे असं मानतात. आजही तिवरंडीत नौका पाण्यात जाण्याआधी ढोल वाजत नाही. आजही नावं एखादी आईच घेते, आणि कुणाच्या वतीने कुणी ओ देत नाही. आजही यादीतलं शेवटचं नाव मोगरीचं असतं. आणि मोगरीखेरीज एक जरी उत्तर आलं नाही तर घण खाली ठेवतात, मग भरती गेली तरी चालेल.

नलूताई वही घेऊन उतरणीवर उभ्या राहिल्या होत्या. गलका आपोआप बंद झाला. “गणपत तारी.” “आसा.” “रज्जाक मेस्त्री.” “हाय हाय.” रज्जाक डाव्या डागशोराशी घण घेऊन उभा होता. “भिकाजी मेस्त्री.” “आसा, अजून आसा,” भिकूआबा म्हणाले, आणि दोघं-तिघं हसले. “ऋजुता पाटणकर.” ऋजुताने चटकन हात वर केला, मग लाजून ‘आहे’ म्हणाली.

“जुई पाटणकर.”

‘आहे’ ऋजुताच्या ओठांवर आलंच होतं. मागून ओढणी ताणलेली होती. जुई मागेच उभी होती, नेहमीसारखी. ऋजुताने तोंड उघडलं आणि भिकूआबांनी आपला दोन बोटं नसलेला हात तिच्या मनगटावर ठेवला. तेव्हा तिने मागे वळून पाहिलं. ओढणीचं टोक ओंडक्याच्या एका वर आलेल्या ढलपीला अडकलं होतं. मागे कुणी नव्हतं.

ती उठली. तिला ओरडायचं होतं, पण नलूताईंनी दुरूनच तळहात उभा केला. मोठ्यांनी ओरडलं की बारीक आवाज ऐकू येत नाही, हे त्या गावाला दोनशे वर्षांपासून माहीत होतं. तिथली साठ-सत्तर माणसं श्वास रोखून उभी राहिली. कुणी तिच्याकडे पाहिलं नाही, कुणी काय ही आई असं म्हटलं नाही. रज्जाकने घण हळूच चिखलात ठेवला आणि दोन पावलं मागे सरला. पाणी माथ्यावर येऊन थांबलं होतं.

“जुई पाटणकर,” नलूताईंनी पुन्हा हाक मारली, घाई न करता.

वहीतल्या त्या प्रश्नचिन्हापुढचा अर्थ ऋजुताला आता लिहिता आला असता, पण वही कुठे पडली ते तिला कळलं नाही. तिने दोन्ही हातांनी स्वतःचं तोंड दाबून धरलं, कारण ते तोंड पाच वर्षं दुसरीच्या वतीने बोलत आलं होतं आणि आताही त्याचा भरवसा नव्हता. तिने श्वास मोजले. चार. पाच. सहा.

“जुई पाटणकर.”

नौकेच्या पोटाखाली भुसा सळसळला, आणि सगळ्यांना ऐकू जाईल असा, जरासा वैतागलेला आवाज आला,

“हजर आहे! पण थांबा ना, माझी एक चप्पल सापडत नाहीये.”